रडवणारं व्हायोलिन

"त्या म्हाताऱ्याला काढलंत, तर मी रडणार नाही," लोरीन फेअरचाइल्ड टीसडेलच्या तोंडाकडे रोखून बघत म्हणाली.

टीसडेल हा स्टुडिओचा मॅनेजर. खर्चाला कात्री लावणं हे त्याचं काम, आणि ते तो आवडीनं करायचा. मूकपटाला व्हायोलिन कशाला, हा त्याचा साधा सवाल. पण चित्रण चालू असताना नटनट्यांचे भाव जुळावेत म्हणून हंगेरीहून आलेला आंद्राश कॅमेऱ्याशेजारी उभा राहून वाजवायचा. सत्तरीच्या माणसाला दुसरीकडे कुणी ठेवणार नाही, हे टीसडेललाही ठाऊक होतं.

लोरीनबाईच्या तोऱ्याची मात्र त्याला मौज वाटायची. पाठीमागून हाक मारा, ढुंकून बघणार नाही. दिग्दर्शकानं कर्ण्यातून ओरडलेलं तिला चालत नसे. काय सांगायचं ते समोर येऊन सांगा. "राणीसाहेब," असं सेटवरचे सुतार तिला चिडवायचे आणि तिचा प्रसंग लागला की हातोडे टाकून बघायला जमायचे. तिच्यासारखं रडणारं अख्ख्या कॅलिफोर्नियात कुणी नव्हतं.

आज निरोपाचा प्रसंग होता. कर्मठ प्युरिटन ख्रिस्ती लोकांच्या वसाहतीतल्या पंचांनी प्रियकराला हद्दपार केलंय आणि नायिका बर्फात, म्हणजे सेटवर पसरलेल्या मिठात, उभी आहे.

टीसडेलनं आंद्राशला बाजूला घेतलं. गज तारांना टेकवायचा नाही, नुसता वरच्यावर फिरवायचा. ती रडली नाही, तर नोकरी पक्की. रडली, तर उद्यापासून येऊ नकोस.

"साहेब, हा दगा झाला."

"दगा कसला? हिशेब आहे."

कॅमेरा फिरू लागला. गज मुकाट हलत राहिला. म्हाताऱ्याचे डोळे अपमानानं वाहत होते. लोरीननं एकदा त्याच्याकडे पाहिलं, डोक्यावरची पांढरी टोपी सारखी केली, आणि तिचे डोळे काठोकाठ भरले. सुतार बाहीला नाक पुसू लागले. टीसडेलनंही रुमाल काढला. अशी नटी पुन्हा होणार नाही, हे त्यानं मनोमन कबूल केलं. मग त्यानं आंद्राशला दाराकडे बोट दाखवलं.

आंद्राशनं व्हायोलिन पेटीत ठेवलं. तेवढ्यात लोरीन मीठ तुडवत आली आणि तिनं त्याचे दोन्ही हात धरले.

"तुमच्याही डोळ्यांत पाणी होतं, मी पाहिलं," ती म्हणाली. "काका, इतकं सुंदर तुम्ही कधीच वाजवलं नव्हतं."