साथ न सोडणारी

ड्रायव्हर खुर्चीवर बसला नाही. घडी घालघालून मऊ पडलेला कागद त्याने टेबलावर ठेवला आणि हे कुणी लिहिलंय, असं विचारलं. अंगावर बसचा खाकी युनिफॉर्म, दोन फेऱ्यांच्या मधला अर्धा तास तेवढा हाताशी.

कागदावर त्या ऑफिसच्याच वेबसाइटचं पान होतं. बाळाचं नाव, अर्थ, मूळ, स्वभाव. अर्थाचं वाक्य आपलंच आहे, हे टेबलामागे बसलेल्या तिने पाहताक्षणी ओळखलं. दोन खोल्यांच्या त्या ऑफिसात बाळांच्या नावांचे अर्थ लिहायचं काम तिचं एकटीचं होतं, म्हणून सगळे तिला अर्थमंत्री म्हणत. हल्लीची नावं म्हणजे जुन्याच नावाला नवी झालर. एक अक्षर इकडून काढायचं, एक तिकडे घुसवायचं, की झालं जगावेगळं नाव. त्याचा अर्थ कुठल्या कोशात सापडणार? पण एकही रकाना रिकामा ठेवायचा नाही, असा मालकांचा दंडक. मग 'मूळ'च्या पुढे ती 'प्राचीन' असं ठोकून द्यायची. कुठलं प्राचीन, हे आजवर कुणी विचारलं नव्हतं. अर्थ म्हणून प्रकाश, फूल, नदी, विजय यांतलं काहीतरी. तेही त्या दिवशी वापरून संपलं असलं, की मनाला येईल ते. या नावापुढे तिने लिहिलं होतं, 'साथ न सोडणारी'.

"अकरा दिवस होती मुलगी," ड्रायव्हर म्हणाला.

बसा ना, असं ती म्हणाली, तरी तो उभाच राहिला आणि उभ्याउभ्याच सांगत गेला. हृदयातच दोष होता, डॉक्टरांनी पहिल्या दिवशीच स्पष्ट सांगितलं होतं. पण बायको ते या कानाने ऐकून त्या कानाने सोडत होती. नाव तिने अर्थ बघूनच निवडलं होतं. आपली पोर चारचौघींत उठून दिसावी म्हणून त्यात स्वतःचं आणखी एक अक्षर घातलं होतं, तेही तिनेच. आता दिवसभर फोनवर हेच पान उघडून बसते. म्हणते, मी अक्षर वाढवलं आणि अर्थ बिघडवला. नाव होतं तसं ठेवलं असतं तर पोर राहिली असती. म्हणून तो आला होता. हा अर्थ ज्या पुस्तकातून घेतला ते पुस्तक त्याला हवं होतं. अक्षर वाढवल्याने काही होत नाही, असं त्यात कुठेतरी असेलच. तेवढा पानाचा नंबर मिळाला तरी पुरे.

तिला वेळ मारून नेता आली असती. मालक काचेच्या दाराआड फोनवर होते, त्यांनी तेच केलं असतं. पण तिला वाटलं, खरं सांगितलं तर निदान त्या आईच्या डोक्यावरचं ओझं उतरेल.

"असं पुस्तक नाही," ती म्हणाली. "अर्थ मीच लिहिला, मनाने. त्या नावाला तसा अर्थच नाही. त्यामुळे तुमच्या मिसेसच्या हातून काहीही बिघडलेलं नाही."

तो चिडला असता तर बरं झालं असतं. तो नुसता कागदाकडे बघत राहिला, घडीवरून अंगठा फिरवत.

"हे मी घरी जाऊन तिला सांगू?" त्याने विचारलं. "आम्ही पोरीला दुसरं काय दिलं हो, ताई? आम्ही शिवलेले कपडेसुद्धा मोठे झाले, शेवटपर्यंत दवाखान्याचेच होते अंगावर. दिलं ते एवढं एक नाव."

त्याने घड्याळ पाहिलं. मग असं करा, म्हणाला, अर्थाच्या खाली एक ओळ टाका. अक्षर वाढवलं तरी अर्थ तोच राहतो, एवढीच. माझं ती मानत नाही, तुमचं मानेल.

तिने ओळ लिहिली. दोन मिनिटंसुद्धा लागली नाहीत आणि हात जरासुद्धा अडखळला नाही, याची तिला लाज वाटली. पान छापून दिलं तेव्हा त्याने शिक्का मागितला. ऑफिसात शिक्का एकच होता, कुरिअरच्या पोचपावतीचा. तिने तोच उठवला. शाई वाळेपर्यंत त्याने कागदावर फुंकर घातली, मग घडी घालून तो खिशात ठेवला.

"आणि हे काढू नका कधी," दारातून तो म्हणाला. "ती रोज बघते."

तो जिना उतरून गेल्यावर तिने ते पान पुन्हा उघडलं. तळाच्या कोपऱ्यात एक आकडा असतो, या घडीला हे पान किती जण पाहताहेत त्याचा. मालकांचा लाडका आकडा. ऑफिसातली माणसं त्यात धरत नाहीत. आकडा एक होता. ती एक कोण, हे तिला माहीत होतं.

सगळं पुसून टाकावं, असं तिला फार वाटलं. उद्या दिवस गेलेली दुसरी कुणी इथे येईल आणि हेच खरं मानून बसेल. हात पुढे गेलाही. पण आता पुसलं तर ते त्या आईच्या डोळ्यांदेखत पुसलं जाणार होतं. तिने हात मागे घेतला आणि मांडीवर ठेवून ती बसून राहिली.

थोड्या वेळाने आकडा दोन झाला.