मार खायचं काम

"तुम्ही कधी हिरो का नाही झालात?"

हा प्रश्न येणार हे कौमुदीला ठाऊक होतं. पण तो तिचे प्रोफेसर ब्रांटच विचारतील, तेही भरल्या थिएटरात, असं तिला वाटलं नव्हतं.

हॅम्बर्गच्या त्या छोट्या थिएटरात हाँगकाँगचा एक जुना मारधाडीचा सिनेमा नुकताच संपला होता. त्यात अर्ध्या वाटेत मार खाऊन मरणारे लाऊ फंग आता पंच्याहत्तरीचे होऊन स्टेजवर बसले होते, आणि शेजारी दुभाषी म्हणून कौमुदी. उभा जन्म त्यांनी हेच केलं, हिरोच्या हातचा मार खाल्ला. कौमुदीला पीएचडी करायची होती ती त्यांच्यावरच. 'दुय्यम नटावर प्रबंध कसला?' म्हणून ब्रांट नाक मुरडत होते. आजचा कार्यक्रम बघून ते काय तो निर्णय देणार होते.

प्रेक्षकांत माइक फिरवणारा तिचा मित्र रोहन स्टेजशी येऊन मराठीत पुटपुटला, "झालं, संपला तुझा विषय."

"गप रे. लाऊकाका बोलायचेत अजून."

तिने प्रश्न कॅन्टनीजमध्ये सांगितला. लाऊ हसले. कोट काढून त्यांनी घडी करून ठेवला आणि ब्रांटना वर बोलावलं.

"तुम्ही त्यांना एक ठोसा मारायचाय," कौमुदीने जर्मनमध्ये सांगितलं.

ब्रांटनी आयुष्यात माशीसुद्धा मारली नसावी. त्यांनी चाचरत मूठ उगारली आणि लाऊंच्या हनुवटीच्या वीतभर अलीकडेच थांबवली.

लाऊ उडाले. मान गरकन फिरली, पाय सुटले, खुर्ची आडवी झाली आणि ते पाठीवर धाडकन आदळले. ब्रांट पांढरेफटक पडले. कौमुदी घाबरून धावली, तर लाऊंनी पडल्यापडल्या एक डोळा मिचकावला.

मग टाळ्या सुरू झाल्या. सगळ्या ब्रांटसाठी. मागून कोणीतरी शिट्टीही मारली. ब्रांटनी केस मागे सारले. त्यांची छाती जराशी पुढे आली होती.

लाऊ जमिनीवरूनच काहीतरी बोलले.

"काय म्हणतायत?" ब्रांटनी विचारलं.

"म्हणतायत, हिरो असा होतो."

थिएटर हसलं. ब्रांट हसले नाहीत.

"सोमवारी प्रबंधाचा आराखडा घेऊन या," ते कौमुदीला म्हणाले, आणि कोणालाच न लागलेली मूठ चोळत पायऱ्या उतरले.