कोंडूच्या डोक्यावरचा कावळा

“कावळाच,” कोंडू म्हणाला. “लिवा ताई. डोसक्यात चोच मारली त्यानं.”

योगिनीने पेन उचललं आणि तसंच धरून ठेवलं. शहापूरच्या दवाखान्यात तिचं काम एवढंच. जखम कशाने झाली ते विचारायचं आणि जाड पुस्तकात बघून तिचा कोड टाकायचा. कुत्र्याला वेगळा कोड, उंदराला वेगळा, सापाला वेगळा. मगरीलासुद्धा होता. शहापुरात मगर कुठून येणार, हे पुस्तक लिहिणाऱ्याने विचारलं नव्हतं. कावळ्याला मात्र स्वतःचा कोड नव्हता. त्याला ‘इतर’मध्ये ढकलायचं.

ढकलून ती मोकळी झाली असती. पण एखादा प्रश्न पडला की योगिनीला जेवण गोड लागत नसे. बैलाने शिंग मारलं असं कोणी सांगितलं, तर ती बैलाचं नावही विचारून घेई. डॉक्टर म्हणत, “एक दिवस तुम्ही विंचवाचाही जबाब घ्याल.”

“घरटं होतं का जवळ, बाबा?”

“व्हतं ना. आंब्यावर.”

“मग एकच कसा आला? पिल्लं असली की दोघं मिळून येतात.”

“दुसऱ्याला कामं असतील,” कोंडू वैतागून म्हणाला.

टाळूवर बोटभर लांब चीर होती. टाके घालावे लागले होते. “चोचीने इतकी सरळ चीर पडते?” तिने डॉक्टरांना विचारलं. “पट्टी ठेवून टोचलं असेल,” म्हणत ते पुढच्या पेशंटकडे वळले. कोंडूचा रक्तदाब चढला होता, म्हणून संध्याकाळपर्यंत त्याला खाटेवरच ठेवलं.

कोंडूची बायको गोजर खाटेशी उभी होती. जखमेचं तिला काही नव्हतं. कावळा डोक्याला शिवला म्हणजे मरण जवळ आलं, ही तिची धास्ती. त्यावर तोड एकच. माणूस मेला असा खोटा निरोप नातेवाइकांना धाडायचा. ते खरं समजून रडले, की पीडा टळते.

तिने पुतण्याला, शेखरला, एसटीडी बूथवर पिटाळलं. “सगळ्यांना सांग. आन मुरबाडला बी.”

शेखर जागीच थांबला. मुरबाडला बाळी होती, कोंडूची एकुलती एक मुलगी. तिने परजातीतल्या मुलाशी लग्न केलं, तेव्हा कोंडू गावदेवीपुढे उभा राहून बोलला होता, ‘मी मेल्याशिवाय तिला निरोप धाडायचा नाय.’ कोंडूचा शब्द म्हणजे काळ्या दगडावरची रेघ. बाळीला मुलगा झाला तेव्हाही त्याने गोजरला जाऊ दिलं नव्हतं. त्या दिवशी गोजर चुलीपुढे बसून रडली आणि धुराचं निमित्त सांगितलं.

“काकी, काका काय बोलला व्हता...”

“मेल्याशिवाय नाय, असंच ना? मग ह्यो मेल्याचाच निरोप हाय. शब्द कुठं मोडतो?”

दोघांनी कोंडूकडे पाहिलं. योगिनीनेही पाहिलं. त्याने भिंतीकडे तोंड फिरवलं.

“रीत हाय ती करा,” एवढंच म्हणाला.

गोजर शाळेत कधी गेली नव्हती. पण बाळीच्या घराशेजारच्या गिरणीचा फोन नंबर तिने घडाघडा म्हणून दाखवला. शेखर धावतच गेला.

योगिनीचा डबा तसाच राहिला. आता तिला भलतेच प्रश्न पडत होते. एवढं होऊन मुलगी आलीच नाही तर? तर या बाईने कोणाकडे बघायचं? मग तिची नजर गोजरच्या हातांकडे गेली. ही बाई नवऱ्याच्या डोक्यात काही मारेल? मुलीसाठी मारेलही, असं तिला वाटलं, आणि तिला गोजरचा एकदम लळा लागला.

दुपार कलताना बाहेर जीप थांबली. बाळी अनवाणी धावत आली, काखेत मूल. वॉर्डाच्या दारातच तिने हंबरडा फोडला. आणि समोर बाप, खाटेवर मांडी घालून बशीतला चहा पीत बसलेला.

“बाबा?”

कोंडूच्या हातातली बशी कलंडली.

“मेलात म्हणून सांगितलं मला!” ती ओरडली. त्याच्या खांद्यावर तिने गुद्दे मारले आणि मग त्याच्या गळ्यात पडून पुन्हा रडायला लागली. गोजरने नातवाला उचलून छातीशी असं धरलं, की ते पोर गुदमरून रडू लागलं.

“पोटातून रडलीस ना? झालं तर,” कोंडू म्हणाला. “आता नाय मरत मी.” आणि इतकं बोलून तो स्वतःच हुंदके द्यायला लागला. योगिनीने खिडकीकडे बघून डोळे पुसले.

थोड्या वेळाने मायलेकी तोंडं धुवायला नळावर गेल्या. योगिनी हळूच खाटेजवळ आली.

“बाबा, कावळा नव्हता ना तो? काकूंनीच मारलं ना? मी कोणाला सांगणार नाही.”

कोंडूने दाराकडे नजर टाकली. नळावरून गोजरचं हसणं ऐकू येत होतं.

“तिला यातलं काय ठावं नाय. सांगू बी नका,” तो कुजबुजला. “रोज त्या आंब्याखाली जाऊन उभा रायचो, ताई. कावळा शिवंल तर शपथ! शेवटी मीच इळा मारून घेतला.”