काचेजवळची जागा

आइस हॉकीतला पोराचा पहिला व्यावसायिक सामना, म्हणून मर्विनने महिनाभर आखणी केली होती. बाहेर उणे अठ्ठावीस असलं तरी कोट गाडीतच ठेवायचे, फाटक उघडताच आत पळायचं आणि खेळाडू सरावाला बर्फावर उतरतील तेव्हा काचेला नाक लावून उभं राहायचं. कोडीला सगळ्यात आधी बाप दिसला पाहिजे!

दुपारी फोन आला. एडमंटन संघाने कोडीला खेळाडूंच्या अदलाबदलीत देऊन टाकलं होतं. तेही आजच्याच प्रतिस्पर्ध्याला, कॅलगरीला.

"पोराला कुणी विचारलं का? त्यांनी दिला, हा गेला," रांगेत कुडकुडत लॉरेन नवऱ्याला म्हणाली.

"माझ्या बापाला एडमंटनच्या शर्टात पुरलंय आम्ही. आणि हा कॅलगरीचा घालणार?"

"अरे, नोकरी आहे ती त्याची!"

"दरोडेखोराची आईही हेच म्हणते."

फाटक उघडलं. दोघांनी पळत जाऊन काच गाठली. कॅलगरीच्या लाल शर्टातला कोडी बर्फावर उतरला आणि बापाला पाहून हसत हसत काचेपाशी आला.

मर्विनने जोरात हुर्यो उडवली. दोघं इतक्या लवकर पोचले होते, की प्रेक्षागृह अजून रिकामंच होतं. पोराला ती अगदी स्वच्छ ऐकू गेली.