दुखायला नको

"डॉक्टर, दुपारी सभागृहात बोलायचंय. काहीही करा, पण दुखायला नको," गाल दाबून धरत पुढारी खुर्चीत आडवा झाला.

गर्भपाताला परवानगी देणारा कायदा आज मताला येणार होता. कुंपणावरचे दहा-बारा जण याचं भाषण ऐकूनच कायद्याविरुद्ध हात वर करणार, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. गडी बोलायला लागला की दगडालाही पाझर फोडायचा.

डॉक्टरने आरसा तोंडात घालून पाहिलं. "दाढ गेलीय. काढावी लागेल."

"काढा. पण आधी नीट बधिर करा हो. मला दुखणं सहनच होत नाही, लहानपणापासून."

डॉक्टरच्या तळपायाची आग मस्तकात गेली. गेल्या वर्षी तिची धाकटी बहीण इस्पितळात तळमळत होती. पोटातलं बाळ वाचणार नाही, हे तिथल्या डॉक्टरांनाही कळत होतं. पण ठोके चालू आहेत तोवर हात लावायचा नाही, असा कायदा याच माणसाने भाषणं ठोकून करून घेतला होता. ठोके थांबले तोवर बहिणीच्या अंगात विष भिनलं होतं. तीही गेली. याला तिचं नावसुद्धा माहीत नव्हतं. त्याचाच राग जास्त.

ट्रेमध्ये बधिर करायची दोन औषधं होती. एक लवकर उतरणारं, दुसरं संध्याकाळपर्यंत टिकणारं. तिने दुसरं सुईत भरलं. दुखऱ्या बाजूला टोचलं, मग धडधाकट बाजूलाही.

"इकडे कशाला?"

"तुम्हीच म्हणालात ना, दुखायला नको."

"फार माया आहे हो तुमच्या हाताला," तो म्हणाला. तिला क्षणभर लाज वाटली. मग पलंगाची कड धरून ठेवलेला बहिणीचा हात आठवला, आणि लाज गेली.

दाढ निघाली. "दुपाऽयंत उतएल ना?" त्याने जड जिभेने विचारलं.

"उतरेल की," ती म्हणाली.

दुपारी ती दवाखान्याच्या बाकावर पेशंटांमध्ये येऊन बसली. टीव्हीवर पुढारी उठला, सभागृह चिडीचूप झालं. त्याने तोंड उघडलं आणि हनुवटीवरून लाळ ओघळली. रुमालाने पुसून तो पुन्हा बोलायला गेला. सभागृहात मागच्या बाकावर कोणीतरी फिदीफिदी हसलं.

"काय म्हणतोय हा? काही कळत नाही बाई," शेजारच्या आजी म्हणाल्या. "आवाज वाढवा की जरा."

डॉक्टर उठली. तिने आवाज शेवटपर्यंत वाढवला.