थ्रेशरचं झाकण

राज्यमंत्री झालेले भाऊ तिवशाजवळच्या एका गावात सत्काराला आले होते. अकोल्यात मळणीचे थ्रेशर बनवणारा आपला माणूस मुंबईत मंत्री झाला, गावाला केवढं कौतुक! सरपंचबाई ओवाळायला पुढे आल्या. ताट दुसरीने धरलं होतं. त्यांनी कुंकवासाठी डावा हात उचलला. कार्यकर्ता खेकसला, “बाई, डाव्या हातानं काहून लावता?” त्यांनी पदर बाजूला केला. उजवा हात कोपरापासून नव्हताच. “थ्रेशरात गेला, भाऊ. सोयाबीन टाकून राहिली होती.” भाऊंच्या कपाळावर घाम फुटला. मशीनच्या तोंडावरच्या झाकणामुळे माल सावकाश जातो, अशी गिऱ्हाइकांची कुरकुर, म्हणून भाऊंनीच ते बसवणं बंद केलं होतं. “मशीन कोणाची?” भाऊंनी कसंबसं विचारलं. “तुमचीच ना!” ओल्या कपाळावर कुंकू टेकवत त्या हसल्या. “लय मजबूत हाये, भाऊ. अजून चालते. आता तिथं माही सून उभी राह्यते.”