खिएमचा लाकडी पूल

खिएम पुलाच्या तोंडाशी असलेल्या बाकावर टेकला, तेव्हा टोल घेणारी सुओंग एका बदकवाल्याशी हुज्जत घालत होती.

"माणसाचा टोल, सायकलचा टोल, आता बदकांचाही?" बदकवाला म्हणाला. "काकी, उद्या तुम्ही माझ्या सावलीचाही घ्याल."

"सावली फळ्यांवर घाण करत नाही. काढ."

"यातली दोन वाटेतच मेलीत."

"मग ती सोड. मेलेल्याला टोल नाही. सासऱ्यांची तिरडी पुलावरून नेली तेव्हा आमच्या ह्यांनीच घालून दिलेला नियम आहे तो."

बदकवाल्यानं पैसे दिले आणि जाताजाता तिच्या टपरीतल्या देव्हाऱ्यापुढच्या ताटाकडे हात नेला. सुओंगनं त्याच्या मनगटावर फटका ठेवून दिला.

"आज ह्यांचं श्राद्ध आहे. उदबत्ती विझू दे. आधी मेलेला जेवतो, मग जिवंतांनी हावरटपणा करायचा."

देव्हाऱ्यातल्या फोटोत एक गुबगुबीत तरुण हसत होता. फोटो खिएमचाच होता. पण घर सोडून तो निघाला तेव्हा त्याचे केस काळे आणि पोट पुढे होतं. आता केस पांढरे आणि पोट पाठीला लागलेलं. सुओंगनं त्याच्याकडे एकदा पाहिलं, टोल देणाऱ्या कुणाकडेही पाहावं तसं. त्याला हायसं वाटलं. थोडं लागलंही.

लाऊ नदीला मोठा पूर आला होता त्या वर्षी त्यानं आपली टोपलीहोडी काठच्या वेताच्या झाडीत पालथी घातली आणि गावातल्या शिंपिणीबरोबर दक्षिणेकडे जाणारा ट्रक पकडला. सकाळी होडी सापडली आणि गावानं त्याला बुडाला समजून समुद्राच्या हवाली केलं. शिंपीण गेल्या पावसाळ्यात वारली. खिएमला घर आठवलं. सुओंगनं त्याला आयुष्यभर माफच केलं होतं. आणखी एकदा करेल, असा त्याचा हिशेब. फक्त सुरुवात कशी करायची ते कळत नव्हतं.

"हा पूल कुणी बांधला, बाई?" त्यानं विचारलं.

सुओंग स्टूल घेऊन आली. आधी त्याच्या डाव्या हाताला ठेवलं, मग उचलून उजवीकडे नेलं. "तिकडं ऊन लागतं," म्हणाली. आभाळ भरून आलं होतं. खिएमला तेवढंच बरं वाटलं. सुरुंगानं मासे मारायच्या नादात त्याचा डावा कान तरुणपणीच गेला होता.

"आमच्या ह्यांनी," ती म्हणाली. "नदीच्या देवाशी पैज लावली. देव म्हणाला, माझ्या तोंडात काठी घालशील तर चावून टाकीन. हे म्हणाले, चाव. खांब मुठीनं ठोकले, नुसत्या मुठीनं. दर पुरात देव चावतो, दर पुरानंतर आम्ही पुन्हा ठोकतो."

खिएम ओशाळून हसला. त्यानं स्वतः ठोकलेला एकुलता एक खांब पहिल्याच पुरात गेला होता. बाकीचे गड्यांनी ठोकले, तो सावलीत बसून ओरडत होता.

"वरच्या अंगाला सिमेंटचा पूल दिसला मला. लोक तरी इथूनच जातात?"

"जातात. ह्यांनी खालून खांब धरून ठेवलेत, अशी श्रद्धा आहे. जिवंतपणी कधी चुलीवरचं भांडंसुद्धा धरलं नाही, पण आता धरतात." ती उठली, देव्हाऱ्याकडे गेली आणि एक वाटी त्याच्या हातात ठेवली. हळदीत शिजवलेला मासा, भात. "घ्या, पाहुणे. लांबून आलेले दिसता."

खिएम पहाटेपासून उपाशी होता. उदबत्तीच्या धुरानं डोळे चुरचुरत होते, तरी तो खाऊ लागला. चव तीच होती.

"त्यांचं काही सापडलं नाही?"

"समुद्र परत देतो थोडाच. पलीकडच्या तीरावर मातीचा माणूस करून पुरला. तुतीच्या काड्यांची हाडं घातली, भगतानं आत जीव बोलावला."

"आला?"

"पहिल्या हाकेला. घरी कधी एवढ्या लवकर आले नव्हते."

आता सांगावं, असं त्याला वाटलं. तिच्या आवाजात थट्टा होती, आणि थट्टा आली की माफी फार लांब नसते, हा त्याचा जुना अनुभव. त्यानं वाटी मांडीवर ठेवली.

"आणि मूलबाळ?"

"विन्ह. एकच." तिनं पदरासारखा खांद्यावर घेतलेला पंचा नीट केला. "बापाची होडी सापडली म्हटल्यावर पुरातच शोधायला उतरला. मी पाय धरले, पण वयच तसलं. म्हणाला, बाबा कुठंतरी ओंडक्याला धरून माझी वाट बघत असतील. बाप नाही सापडला. तो सापडला. मातीच्या माणसाशेजारी ठेवलाय. त्या दोन थडग्यांत खरं माणूस एकच."

खिएमच्या तोंडातला घास तसाच राहिला. पुलाच्या फळ्यांखालून भरतीचं पाणी आत सरकत होतं. पलीकडं शाळेची पोरं हसत येत होती आणि त्यांच्यातल्या प्रत्येकाचा चेहरा तो उगाचच न्याहाळत होता.

जे बोलायला तो एवढ्या लांबून आला होता, ते आता त्या घासासारखंच आत अडकलं होतं. अखेर तो गुडघ्यांवर हात टेकून उठला.

"मी जरा पलीकडं जाऊन येतो, बाई," तो म्हणाला. त्यानं खिशातून नोट काढून पुढे धरली.

सुओंगनं टोलचा डबा उघडला नाही. तिनं नोट घडी करून त्याच्याच खिशात सारली आणि त्याच्या उजव्या कानाशी वाकली.

"ठेवा," ती म्हणाली. "मेलेल्याला टोल नाही."